नादलोकात एक दालन ठाण्याचंही हवं

नादलोक, म्हणजे गवय्यांचा सुरांचा स्वर्ग, कसा असेल यावर इथे गप्पा चालल्यात. वर कुणीतरी लिहिलंय की तिथे देवांचे गवई तुंबरू आणि नारद गात बसतील, इथून गेलेले सगळे गवय्ये तिथे जमतील. ठीक. पण नुसत्या मैफली असतील तर मी दोन दिवसांत कंटाळेन बुवा. मला तिथे हरवलेले आवाज हवेत. १६ एप्रिल १८५३ला बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी आली, तिची शिट्टी! एडिसनचा फोनोग्राफ आला १८७७मध्ये, म्हणजे ती शिट्टी कुणाकडेच नाही. मी ठाण्याच्या नौपाड्यात रुळांच्या बाजूला राहतो, लोकलचा भोंगा झोपेतही ओळखतो, तेव्हा ही हाव समजून घ्या.

दुसरं, तिथे तानपुऱ्यावर कोण बसणार यावर तुमचा वाद चाललाय. तानपुऱ्याची एक गंमत आहे. तारा चारच: पंचम (प), जोडीच्या दोन तारा (सा) आणि खर्ज (खालचा सा). गंधाराची, म्हणजे 'ग'ची, तारच नाही. तरी घोडीवर, म्हणजे तारा टेकतात त्या पट्टीवर, तारेखाली दोरा सरकवून जवारी (तारेची ती गुंजणारी झणझण) नीट लागली की खर्जातून गंधार ऐकू येतो. स्वयंभू गंधार म्हणतात तो. (तारेच्या मूळ कंपनसंख्येच्या पाचपट.) लहानपणी आत्याने तो मला ऐकवला होता. दोरा केसभर सरकला की गायब. ती म्हणायची, "शोधू नकोस रे, नुसता बस."

तर नादलोकाचे मूळ रहिवासी असे असावेत, कुणी न छेडलेले स्वर. नारदमुनी पाहुणे म्हणून येवोत खुशाल, पण चिपळ्या चपलांशेजारी ठेवून.