शब्दचर्चा: 'कोमेदियां', 'रेआलिझातर' आणि 'से पा फो'

फ्रेंचची विद्यार्थिनी:
पुण्यात फ्रेंच शिकते. एका फ्रेंच कलाकाराची ओळख मराठीत लिहून आणायची होती. मी आलेक्सांद्र आस्तिए घेतला, 'कामलॉत' ही मालिका करणारा. मूळ परिचयात त्याच्या नावापुढे 'कोमेदियां, ओतर, रेआलिझातर' असं होतं. मी 'विनोदवीर, लेखक, दिग्दर्शक' लिहिलं आणि पहिल्याच शब्दाखाली लाल रेघ आली. काय चुकलं? शिवाय मालिकेतलं 'से पा फो' हे वाक्य मराठीत कसं आणावं, त्यावर दोन दिवस अडून बसले आहे. जाणकारांनी मदत करावी.

भाषांतरकार:
लाल रेघ बरोबर आहे. फ्रेंचमध्ये 'कोमेदियां' म्हणजे नट, मग तो हसवो की रडवो. पॅरिसची कोमेदी-फ्रांसेझ ही नाट्यसंस्था १६८० ची. तिथे मोलिएरचे फार्स होतात तशा रासीनच्या शोकांतिकाही होतात, आणि त्या करणारे सगळे 'कोमेदियां'च. लोकांना हसवणं हाच ज्याचा धंदा, त्याला 'उमोरिस्त' किंवा 'कोमीक' म्हणतात. तेव्हा 'अभिनेता' लिहा.

आस्तिएच्या बाबतीत हा फरक महत्त्वाचा आहे. तो १९७४ चा, फ्रान्समधल्या लिओं शहरातला. संगीत शिकलेला. २००३ मध्ये त्याने 'दिएस इरे' नावाचा लघुपट केला: ब्रिटनच्या दंतकथांमधला आर्थर राजा, त्याचे सरदार आणि त्यांची रटाळ बैठक. तेच बीज घेऊन ३ जानेवारी २००५ पासून एम-सिस वाहिनीवर 'कामलॉत' सुरू झाली. एकेक भाग जेमतेम साडेतीन मिनिटांचा. त्या जागी आधी 'कॅमेरा कॅफे' होती, ऑफिसातल्या कॉफीच्या मशीनसमोर घडणारी. साडेतीन मिनिटांच्या मालिकेला फ्रेंच लोक 'प्रोग्राम कूर' म्हणतात. याला 'स्किट' म्हणू नका. स्किट संपलं की संपलं, इथे तीच माणसं तेच अपमान गिळून दुसऱ्या दिवशी परत त्याच टेबलाशी बसतात. पुढे भाग लांबत गेले, पाचव्या पर्वात मालिका चांगलीच काळवंडली, सहाव्यात तर राजा होण्याआधीचा रोममधला आर्थर दाखवला. २००९ ला मालिका थांबली तेव्हा साडेचारशेहून जास्त भाग झाले होते. शेवटच्या भागांना 'विनोदी' म्हणायला माझी जीभ वळत नाही. आणि आर्थरचं काम पहिल्यापासून तोच करत होता. म्हणून अभिनेता.

जाता जाता: मालिकेत सीझनला 'लीव्र', म्हणजे पुस्तक किंवा ग्रंथ, असा शब्द आहे. मराठी वाहिन्या 'पर्व' म्हणतात तो महाभारतातला शब्द इथे इतका चपखल बसतो की मी वर न विचारताच वापरला.

जुना नाटकवाला:
'दिग्दर्शक'वर माझी हरकत नोंदवून ठेवा. आपला दिग्दर्शक दिशा दाखवतो, काम दुसरे करतात. 'रेआलिझातर' म्हणजे जे कागदावर आहे ते प्रत्यक्षात आणणारा. नाटकाच्या दिग्दर्शकाला फ्रेंचमध्ये वेगळा शब्द आहे, 'मेतर आं सेन', मंचावर मांडणारा. आपण दोघांना एकाच टोपीत बसवलं. आता हा आस्तिए लिहितो, दिग्दर्शन करतो, संकलन करतो, संगीत देतो आणि मुख्य भूमिकाही करतो. वडील लिओनेल आस्तिए त्यात आर्थरचे सासरे, आई जोएल सेव्हिया सासूबाई, भाऊ सिमाँ एक सरदार. फिरत्या नाटक कंपनीसारखा अख्खा संसार! यासाठी आपल्याकडे शब्द आहे. १९५३ च्या 'गुळाचा गणपती'पासून आपण 'सबकुछ पु. ल.' म्हणतोय ना? मग 'सबकुछ आस्तिए' लिहा.

भाषांतरकार:
'सबकुछ' गोड आहे, पण परिचयात जाहिरातीसारखं वाटेल. 'कर्ताकरविता' पाहा. स्वतः करतो आणि इतरांकडून करवूनही घेतो. मालिकेबाहेरच्या कामांना मात्र तो शब्द सरसकट लावू नका. अभिनेत्री इझाबेल अजानीबरोबरचा २०१२ चा चित्रपट त्याचा स्वतःचा, पण २०१४ आणि २०१८ चे अ‍ॅस्टेरिक्स या फ्रेंच कॉमिकवरचे दोन अ‍ॅनिमेशनपट त्याने लुई क्लिशीसोबत दिग्दर्शित केले. तिथे साधं 'सहदिग्दर्शक' पुरे.

कॅनडातून वाचणारा:
'रेआलिझातर'बद्दल एक आगाऊ भर. इकडे माँट्रियालला रेडिओ-कॅनडा या सरकारी प्रसारण संस्थेच्या 'रेआलिझातर' लोकांनी डिसेंबर १९५८ अखेर संप केला, तो मार्च १९५९ पर्यंत चालला. इंग्रजीत त्याला निर्मात्यांचा संप म्हणतात! टीव्हीत तेव्हा तीच माणसं दोन्ही करायची. पुढे क्वेबेक प्रांताचे मुख्यमंत्री झालेले रने लेव्हेक त्या वेळी तिथे कार्यक्रम करत होते. ते संपकऱ्यांच्या बाजूने उतरले आणि राजकारणाकडे वळले ते त्यानंतर. एका शब्दाचं भाषांतर कुठे चुकू शकतं, म्हणून सांगितलं.

फ्रेंचची विद्यार्थिनी:
धन्यवाद! आता 'से पा फो'. शब्दशः 'चूक नाही'. पेर्सवाल नावाचा सरदार ते म्हणतो. समोरच्याच्या बोलण्यातला एखादा शब्द कळला नाही की गंभीर चेहऱ्याने 'से पा फो' म्हणायचं, ही त्याची युक्ती. मी 'हे चुकीचं नाही' लिहिलं. वाचून कुणीही हसलं नाही.

भाषांतरकार:
हसणार कसं? 'हे चुकीचं नाही' असं मराठीत फक्त सरकारी पत्रक बोलतं. आधी बघा, फ्रेंचमध्ये हे रोजचं बोलणं आहे. लिहिताना 'स ने पा फो' असतं, तोंडात त्यातला 'न' गळतो. नकारातून होकार देणं ही त्यांची सवय, 'पा माल' म्हणजे 'वाईट नाही', अर्थात चांगलंच. मनातून नाइलाजाने मान्य करतोय, असा त्यात सूर असतो. हे काम मराठीत नकार करत नाही, 'म्हणा' करतो. 'खरं आहे' आणि 'खरं आहे म्हणा' यांत फरक बघा. दुसऱ्यात बोलणाऱ्याने जणू थोडा विचार केलाय, दोन्ही बाजू तोलल्यात, मग मान डोलावलीय. पेर्सवालला हवा तो नेमका हाच आव. कळलेलं काहीच नाही, पण तोलून बघितल्याचा चेहरा.

जुना नाटकवाला:
'ते काही खोटं नाही' का नको? नकारही राहतो, बोलीही राहते.

भाषांतरकार:
अर्थ बसतो, पण लांबी बघा. तीन अक्षरांचं वाक्य आहे हो, से-पा-फो. खटका हवा. आणि 'खोटं' म्हटलं की समोरचा लबाड ठरतो की काय, अशी शंका मधेच डोकावते. 'तेही खरंच म्हणा' थोडं लांब आहे, पण कशाच्याही मागे लागतं. कुणी म्हणालं, 'या रणनीतीत अंतर्विरोध आहे', तर 'तेही खरंच म्हणा'. कुणी म्हणालं, 'पुलाव करपला', तरी 'तेही खरंच म्हणा'.

नागपूरकर:
आमच्याकडे नुसतं 'हौ ना' चालतं. कळलं तरी, नाही कळलं तरी.

फ्रेंचची विद्यार्थिनी:
'हौ ना' मोहात पाडतंय, पण मालिकेत दरबारातले जवळजवळ सगळे एकमेकांना 'व्हू' म्हणतात, म्हणजे 'तुम्ही'. आर्थर राणीलाही 'व्हू' म्हणतो. सरदारांवर ओरडतो तेही 'व्हू' म्हणूनच. पेर्सवाल राजाला 'हौ ना' म्हणेल?

भाषांतरकार:
नाही म्हणणार. बाईसाहेब, खरी गंमत तुम्ही आत्ता पकडलीत. मध्ययुगीन सरदार आजच्या बाजारातलं फ्रेंच बोलतात, पण 'व्हू' सोडत नाहीत. मराठीत 'तू गाढव आहेस' ही शिवी झाली. 'तुम्ही गाढव आहात' हा विनोद. आपल्या जुन्या घरांत 'अहो' एकाच बाजूने असायचं, इथे दोन्हीकडून 'अहो' आहे आणि अपमानही दोन्हीकडून. भाषांतरात 'तुम्ही' कुठेही सोडू नका, अर्धा आस्तिए तिथेच आहे. नावातही गंमत ऐका: आर्थरच्या दंतकथेतल्या राजधानीचं, 'कॅमेलॉट'चं, त्याने 'कामलॉत' केलं, आणि फ्रेंच कानाला तो 'कामलोत' या शब्दासारखाच लागतो, म्हणजे तकलादू, बाजारी माल.

फ्रेंचची विद्यार्थिनी:
शेवटचं विचारते. पेर्सवालच्या युक्तीला मालिकेत 'बॉत सक्रेत' म्हटलंय. शब्दकोशात 'बॉत' म्हणजे बूट. गुप्त बूट??

जुना नाटकवाला:
बूट नव्हे. तलवारबाजीतला वार, इटालियन 'बोत्ता'वरून आलेला. प्रतिस्पर्ध्याला ठाऊक नसलेला ठेवणीतला वार. तालमीत वस्ताद शिष्याला सगळे डाव शिकवतो आणि एक राखून ठेवतो, तो. 'राखीव डाव' लिहा, कोल्हापूरकरांना समजवावं लागणार नाही.

भाषांतरकार:
'राखीव डाव' उत्तम. 'बॉत'च्या श्लेषाचा अर्धा भाग गेला तरी बिघडत नाही, मराठीत तलवारीपेक्षा कुस्तीचं रूपकच स्वाभाविक आहे. माझा पाठिंबा.

नागपूरकर:
तेही खरंच म्हणा.

भाषांतरकार:
कोणता शब्द अडला, 'श्लेष' की 'रूपक'?