सातोशी कोन: सगळं स्वतः केलं म्हणून मोठे, की त्यामुळेच शेवटचा सिनेमा अडला?

चित्रवेडी: मांगा म्हणजे जपानी चित्रकथा, लेआउट, पटकथा, स्टोरीबोर्ड, दिग्दर्शन. कोन या जपानी ॲनिमेशन दिग्दर्शकाने काय केलं नाही? माझं मत स्पष्ट आहे, त्यांचे सिनेमे असे झाले ते या सगळ्या कामांतून गेल्यामुळेच. 'अकिरा'वाल्या कात्सुहिरो ओतोमोंचे मदतनीस होते. 'पॅटलेबर २' या ॲनिमेशनपटाचे लेआउट केले, म्हणजे शॉटमध्ये कॅमेरा कुठे, माणूस कुठे, भिंत कुठे हे ठरवायचं काम. मग १९९७ला दिग्दर्शक म्हणून पहिला सिनेमा, 'परफेक्ट ब्लू'. त्यांच्याच 'मिलेनियम ॲक्ट्रेस'मधली नायिका चियोको आठवा: आत्ता माणसाने ओढलेल्या रिक्षात, पुढच्या क्षणी सायकलवर. पोशाख बदलतो, काळ बदलतो, तिची धाव तुटत नाही. लेआउट घासलेल्या हातालाच असा कट सुचतो.

रात्रपाळी: नाही पटलं. २०१०च्या ऑगस्टमध्ये ते स्वादुपिंडाच्या कर्करोगाने गेले, अवघ्या ४६व्या वर्षी. त्यांच्या शेवटच्या सिनेमाच्या, 'ड्रीमिंग मशीन'च्या, सुमारे १५०० शॉटांपैकी ६०० झाले होते. ते तसेच पडून आहेत. ज्यांनी रात्री जागून ते काढले, त्यांच्या मेहनतीचं काय? मी ॲनिमेशनमध्येच काम करते. आमच्याकडे कुणी आजारी पडलं तर दुसऱ्याला त्याची फाइल उघडून काम पुढे नेता आलंच पाहिजे. सिनेमा एकाच डोक्यात राहणं हा मला दोष वाटतो.

शाईदौत: मुळात 'सगळं स्वतः' हेच चूक. 'परफेक्ट ब्लू'ची पटकथा सादायुकी मुराईंची, 'टोकियो गॉडफादर्स' केइको नोबुमोतोंबरोबर लिहिलेला, 'पाप्रिका'ला सेइशी मिनाकामी. संगीतकार सुसुमु हिरासावांच्या संगीताशिवाय 'पाप्रिका'तली ती मिरवणूक डोळ्यांपुढे येते का? आणि २०११मध्ये 'ड्रीमिंग मशीन'चं काम थांबलं ते पैशांअभावी. त्याचा दोष कलाकाराच्या माथी मारू नका.

चित्रवेडी: सोबतीचं मान्य, मी घाईत लिहिलं. पण अडचण नुसती पैशांची नव्हती. निर्माते मासाओ मारुयामा कित्येक वर्षं योग्य दिग्दर्शक शोधत होते. शेवटी त्यांनीच सांगितलं की दुसऱ्या कुणी केला तर तो त्याचा सिनेमा होईल, कोन यांचा राहणार नाही. मला हा निर्णय प्रामाणिक वाटतो.

रात्रपाळी: मग होऊ दे की त्याचा! पाटी लावा, 'इथपर्यंत कोन, इथून पुढे अमुक'. प्रेक्षकाला कळतं तेवढं. मला ते ६०० शॉट बघायचे आहेत, अर्धवट असले तरी.