जप्ती वाढली म्हणजे शिकार वाढली की कारवाई सुधारली?

रानपाखरू: हे बरेच दिवस डोक्यात घोळतंय. बातमी येते की एवढे टन हस्तिदंत पकडलं, एवढे खवल्या मांजराचे खवले पकडले, की लगेच कोणी म्हणतं शिकार वाढली, कोणी म्हणतं यंत्रणा जागी झाली. आकडा एकच, मग खरं काय ते कसं ओळखायचं?

वनवाट: नुसत्या जप्तीवरून नाही ओळखता येत. जिथं तपासणी कडक तिथं माल जास्त सापडणार, आणि ज्या बंदरात कंटेनर उघडतच नाहीत तिथं कागदोपत्री सगळं आलबेल. हत्तींसाठी साइट्स कराराखाली (वन्यजीवांच्या व्यापारावरचा आंतरराष्ट्रीय करार) 'माइक' नावाचा कार्यक्रम आहे, त्यात गस्तीवर मेलेले हत्ती जेवढे सापडतात त्यातले किती बेकायदा मारलेले ते बघतात, म्हणजे गोळीची खूण आहे का, सुळे कापून नेलेत का वगैरे. हे प्रमाण ०.५ च्या वर गेलं की समजायचं, बाकी सगळ्या कारणांनी मेले त्यापेक्षा मारलेले जास्त. आफ्रिकेत २०११ मध्ये ते सगळ्यात वर गेलं होतं.

पायवाट७: बरोबर, पण त्यातही गोम आहे. खबर लागली म्हणून गस्त तिकडे गेली तर मारलेलेच सापडणार ना! म्हणून गस्तीचीही नोंद हवी. स्मार्ट नावाचं सॉफ्टवेअर त्यासाठीच वापरतात, रेंजर कुठून किती किलोमीटर चालले, फासे कुठे मिळाले, सगळं जीपीएससकट. दहा फासे मिळाले एवढंच सांगून काय उपयोग, किती चालल्यावर मिळाले ते सांगा.

साक्षीपुरावा: आणि पकडल्यानंतर काय? माल जप्त, ड्रायव्हर आत, मालक मोकळा, हेच मला सगळ्यात जास्त खुपतं. अमेरिकेतले जीवशास्त्रज्ञ सॅम्युअल वॅसर यांच्या टीमने जप्त हस्तिदंताचा डीएनए तपासला तेव्हा एकाच हत्तीचे दोन सुळे वेगवेगळ्या शिपमेंटमध्ये निघाले, आणि त्यातल्या बऱ्याच एकाच बंदरातून काही महिन्यांच्या अंतराने सुटलेल्या. म्हणजे टोळी तीच, पण गुन्हे सुटे सुटे नोंदवले तर ते कोर्टात कधी दिसणारच नाही. नमुना नीट सील केला नाही, कोणाच्या हातून कोणाकडे गेला ते लिहिलं नाही, की केस तिथेच ढिली पडते. जप्तीच्या आकड्याशेजारी शिक्षा किती झाल्या तेही छापायलाच हवं.

रानपाखरू: खूप छान समजलं, आभार सगळ्यांचे. पण पोपट, कासवं जिवंतच विकतात, तिथे मेलेलं काही सापडतच नाही, मग?

वनवाट: तिथे बाजारावर आणि ऑनलाइन जाहिरातींवर नजर ठेवतात. फक्त एकच पक्षी अनेक ग्रुपवर टाकलेला असतो, त्यामुळे फोटो ताडून बघितल्याशिवाय मोजू नये.