सोसायटी ऑफिशियल (फक्त कामाचे मेसेज)

मंगळवार, 6 ऑगस्ट 2024

[6:48] सी-401 जोशी काकू: सुप्रभात 🙏 काल पहिला श्रावणी सोमवार, तांदळाची शिवामूठ झाली. पुढच्या सोमवारी तीळ. विसरू नका.

[6:55] ए-203 आहेर: बंगालमध्ये कोणाच्या ओळखीचं कोणी आहे का? बशीरहाट, घोजाडांगा त्या बाजूला. कालपासून माझ्या तीन गाड्या बांगलादेश बॉर्डरवर उभ्यात. पलीकडचं गेट बंद. ढाक्याची पार्टी फोन उचलत नाही.

[6:57] चेअरमन: आहेरभाऊ, काळजी वाटते. पण हा ग्रुप सोसायटीच्या कामासाठी आहे. आज 11 ते 4 टाकी धुणार, पाणी भरून ठेवणे.

[6:59] ए-203 आहेर: साहेब, 90 टन उन्हाळ कांदा आहे. टाकीचं नंतर बघू.

[7:04] ए-203 आहेर: ड्रायव्हरचा व्हॉइस मेसेज आलाय. रात्रभर पाऊस. ताडपत्री आवळली की आत वाफ धरते, सोडली की गोण्या भिजतात. मागच्या गाडीच्या फाळक्यातून पाणी गळायला लागलं, वास सुटलाय. म्हणतो, शेठ, शेजारी कोणी गाडी लावू देत नाही.

[7:10] ए-104 सुभेदार काका: गेट आज उघडणार नाही. तिथल्या पंतप्रधान शेख हसीनाच काल देश सोडून दिल्लीजवळ हिंडनच्या हवाई तळावर उतरल्या, लँडपोर्टवर सही करायला कोण बसणार? बीएसएफ हाय अलर्टवर आहे. 4,096 किलोमीटरची बॉर्डर आहे, गंमत नाही.

[7:31] बी-102 भामरे सर: कालची घटना कालची नाही. सत्तेतल्या पक्षाने घेतलेल्या निवडणुकीवर तिथे कोणाचा विश्वास नव्हता, म्हणून 1996 साली तेराव्या घटनादुरुस्तीने निवडणुकीपुरतं काळजीवाहू सरकार आणलं. त्यासाठी रस्त्यावर उतरल्या होत्या शेख हसीनाच. 2001 ला त्याच व्यवस्थेत त्या हरल्या. 2011 साली पंधराव्या दुरुस्तीने ती व्यवस्था काढली, तीही त्यांनीच. लगेच 2014 ला 300 पैकी 153 जागांवर मतदानच झालं नाही, उमेदवार एकेकच. दार बुजवलं की लोक भिंतीवरून येतात. काल पंतप्रधानांच्या घरात, गणभवनात आले तसे. – भामरे

[7:33] ए-501 देवरे: सर, हे नक्की कोणत्या सोसायटीबद्दल आहे? 😀

[7:34] चेअरमन: देवरे, सकाळी सकाळी टोमणे नकोत.

[7:36] बी-304: पांढरी स्विफ्ट कोणाची आहे? माझ्या गाडीला आडवी लावलीय. 8 ला निघायचंय.

[7:40] चेअरमन: 2016 ला मी आलो तेव्हा लिफ्ट महिन्यातून दहा दिवस बंद असायची. पार्किंगमध्ये गुडघाभर चिखल. आज सोलर आहे, पेव्हर ब्लॉक आहेत, सीसीटीव्ही आहेत. ज्यांना दिसत नाही त्यांनी चष्मा लावावा.

[7:42] ए-501 देवरे: दिसतंय की. कमिटीची मुदत 2021 ला संपली तेही दिसतंय. निवडणूक कधी?

[7:45] सी-302 मीनल: तिकडे हसीनांच्याही दर भाषणात पद्मा नदीवरचा पूल असायचा. आणि पूल खोटा नाही हो. वर्ल्ड बँकेने 2012 ला कर्ज रद्द केलं, तरी 6.15 किलोमीटरचा पूल स्वतःच्या पैशाने उभा केला, 2022 ला सुरू झाला. 2020 ला आयएमएफ म्हणालं की माणशी उत्पन्नात ते आपल्या पुढे जातील, तेव्हा याच ग्रुपवर किती तोंडं वाकडी झाली होती ते आठवतंय मला.

[7:47] ए-104 सुभेदार काका: मग एवढं चांगलं चाललं होतं तर पोरं पेटली कशाला?

[7:58] सी-302 मीनल: काका, मी रोज त्यांच्याशी काम करते म्हणून सांगते. त्यांच्या निर्यातीत ऐंशी टक्क्यांच्या वर फक्त कपडे. आपल्याकडचं सूत तिकडे जातं, टी-शर्ट होऊन युरोपला जातं. शिलाईच्या मशीनवर खेड्यातून आलेल्या बायका. 2013 ला राणा प्लाझा कोसळला, 1,100 च्या वर माणसं गेली, त्यानंतर कुठे जिने-दरवाजे तपासायला लागले. पण बीए-एमए झालेल्या पोराला त्या मशीनवर जागा नाही. त्याला उरते सरकारी नोकरी. तिथे 30 टक्के जागा स्वातंत्र्यसैनिकांच्या मुला-नातवंडांना. 2018 ला कोटा बंद केला होता, यंदा जूनमध्ये हायकोर्टाने परत आणला. तिथून सुरू झालं.

[8:01] सी-302 मीनल: सुप्रीम कोर्टाने 21 जुलैला तो 5 टक्क्यांवर आणला, पण तोवर गोळीबार होऊन गेला होता. 18 जुलैपासून नेट बंद. पाच दिवस ढाक्याजवळच्या गाझीपूरहून एक मेल नाही. नेट आल्यावर तिकडच्या मर्चंडायझरचा पहिला मेल बटणांच्या रंगाबद्दल होता. खाली एक ओळ, माझा भाचा सापडत नाहीये.

[8:02] सी-401 जोशी काकू: अरे देवा.

[8:05] बी-304: स्विफ्ट!!!

[8:15] बी-102 भामरे सर: वरचा मेसेज कोणी वाचलेला दिसत नाही म्हणून पुन्हा टाकतो. "कालची घटना कालची नाही. सत्तेतल्या पक्षाने घेतलेल्या…" 2011 हे साल लक्षात ठेवा.

[8:19] ए-104 सुभेदार काका: सर, तुमचं 2011 तुमच्यापाशी. मी तेजपूरला होतो. 2004 ला चितगावला दहा ट्रक हत्यारं पकडली, आसाममधल्या बंडखोर उल्फासाठी चालली होती. हसीनाबाई सत्तेवर आल्यावर उल्फाचे लोक एकेक करून आपल्या ताब्यात यायला लागले. अनूप चेतिया 2015 ला मिळाला. सिलीगुडीची पट्टी अरुंद ठिकाणी 22 किलोमीटर आहे, तिच्यापलीकडे अख्खा ईशान्य भारत. आपल्याला तिकडे शांत सरकार पाहिजे. मतदान कसं झालं ते त्यांचं त्यांनी बघावं.

[8:20] ए-501 देवरे: दहा ट्रक कांद्याचे का काका 😂

[8:20] ए-203 आहेर: देवरे, माझं डोकं फिरलंय. थट्टा नको.

[8:21] ए-501 देवरे: सॉरी भाऊ. मनापासून.

[8:30] बी-102 भामरे सर: सुभेदारसाहेब, आपण एका घराशी मैत्री केली, देशाशी नाही. 2014 ला, 2018 ला, यंदा जानेवारीत त्या निवडून आल्यावर आपण लगेच अभिनंदन केलं. आज त्या पोरांच्या डोळ्यांत आपण कोण आहोत? दोन वर्षांपूर्वी कोलंबोतही राष्ट्राध्यक्ष पळाले, पण तिथे लोकांचा राग आपल्यावर नव्हता.

[8:32] ए-104 सुभेदार काका: तुम्ही वर्गात शिकवलं, आम्ही पहारा केला. एवढंच बोलतो. 🙏

[8:33] बी-102 भामरे सर: 🙏

[8:34] चेअरमन: दोघांनाही विनंती. टाकी 11 वाजता.

[9:12] सी-401 जोशी काकू: (फॉरवर्ड) बघा क्रिकेटपटू लिटन दासचं घर जाळलं, हिंदू म्हणून. सर्वांना पाठवा.

[9:20] सी-302 मीनल: काकू, ते लिटन दासचं घर नाही. मश्रफे मुर्तझाचं आहे, नरेलमधलं. माजी कप्तान, हसीनांच्या अवामी लीग पक्षाचा खासदार. प्लीज पुढे पाठवू नका.

[9:22] सी-401 जोशी काकू: तुम्ही शिकलेले लोक. मग देवळं फोडली तेही खोटं का?

[9:25] सी-302 मीनल: नाही, हल्ले झालेत, ते खरंच आहे. म्हणूनच म्हणते, खोटं मिसळलं की खऱ्यावरही कोणी विश्वास ठेवत नाही.

[9:31] सी-401 जोशी काकू: घर कोणाचंही असो, जळलं ना? मी काही बोलतच नाही आता.

[9:31] सी-401 जोशी काकू: हा मेसेज डिलीट करण्यात आला आहे

[16:40] ए-104 सुभेदार काका: परराष्ट्रमंत्री राज्यसभेत बोलले. तिकडे आपले 19,000 लोक, त्यात 9,000 विद्यार्थी, बरेचसे जुलैतच परतले. अल्पसंख्याकांची घरं-दुकानं-देवळं यांवर हल्ले झालेत असंही सांगितलं. काकू, तुमचंही चुकलं नव्हतं.

[16:44] सी-401 जोशी काकू: 🙏

[16:50] ए-501 देवरे: टाकी धुतली. नळाला लाल पाणी. विकास.

[16:51] चेअरमन: दहा मिनिटं सोडून द्या, येईल स्वच्छ. आठ वर्षं हेच सांगतोय.

[16:52] ए-501 देवरे: आठ वर्षं. बरोबर.

[21:15] बी-102 भामरे सर: आज तिथली संसद बरखास्त झाली. सकाळचा मेसेज आता तरी वाचा. "कालची घटना कालची नाही…"

[21:18] ए-203 आहेर: सर, वाचला. तिन्ही वेळा. आता माझं ऐका. तुम्ही सगळे म्हणता त्यांनी गेट बंद केलं. 14 सप्टेंबर 2020 आठवतं? आपण एका रात्रीत कांद्याची निर्यात बंद केली. तेव्हाही गाड्या इथेच उभ्या होत्या, याच रस्त्यावर. गेट आपल्या बाजूने बंद होतं.

[21:22] ए-203 आहेर: 2019 ला पण. तेव्हा हसीना दिल्लीत सगळ्यांसमोर म्हणाल्या होत्या, स्वयंपाक्याला सांगून टाकलं की कांदा घालू नको. लोक हसले. इथे कांदाचाळीत माल सडत होता, आम्हाला हसू आलं नाही. डिसेंबर 2023 ला परत बंदी, मे महिन्यापर्यंत. आता टनाला 550 डॉलरच्या खाली द्यायचा नाही, वर 40 टक्के निर्यात ड्यूटी. इथल्या गिऱ्हाइकाला कांदा स्वस्त पाहिजे, त्याचं मत मोजलं जातं. ढाक्याच्या गिऱ्हाइकाचं मत कोण मोजणार? तो सरळ पाकिस्तानकडून घेतो, चीनकडून घेतो. स्वतः पेरायला पण लागलाय.

[21:25] ए-104 सुभेदार काका: हे मात्र खरं आहे, आहेर.

[21:26] बी-102 भामरे सर: हे मी लिहायला हवं होतं.

[21:27] ए-501 देवरे: सर आणि काका एकमत! स्क्रीनशॉट काढा रे.

[21:40] बी-304: स्विफ्ट चेअरमनसाहेबांच्या पाहुण्यांची होती म्हणे. कळलं. धन्यवाद.

गुरुवार, 8 ऑगस्ट

[10:05] चेअरमन: वार्षिक सभा रविवारी 22 सप्टेंबरला, सकाळी 10 वाजता टेरेसवर. विषय : हिशेब, रंगकाम, गणपती वर्गणी, ऐनवेळचे विषय.

[10:06] ए-501 देवरे: निवडणूक ऐनवेळच्या विषयांत आहे का?

[10:30] सी-302 मीनल: आहेर काका, गाड्यांचं काय झालं?

[13:12] ए-203 आहेर: गेट उघडलं. दोन गाड्या पलीकडे गेल्या. तिसरी फोडून निवडायला लावली, निम्म्या गोण्या फेकल्या, उरलेला माल बारासातला मिळेल त्या भावाने दिला. ड्रायव्हर म्हणतो, हाताचा वास साबणाने जात नाही.

[13:15] ए-203 आहेर: ढाक्याच्या पार्टीचा फोन लागला एकदाचा. मी विचारायच्या आत त्यानेच विचारलं, दादा, तुमच्याकडे पुन्हा बंदी येणार नाही ना? पेमेंट त्यावर ठरवतो म्हणाला.

[13:16] सी-401 जोशी काकू: मग काय सांगितलंत?

[13:20] ए-203 आहेर: म्हटलं, ते मला तरी कोण सांगतंय.