महाकर्ण्यानं तट पडतो? मौनगडच्या लढाईवर माझे आक्षेप

बाळीवेसकर
आपल्या सामायिक कादंबरीचं नववं प्रकरण वाचून डोकं भणभणलं. ज्यांचं वाचायचं राहिलंय त्यांच्यासाठी थोडक्यात: नादवणचं सैन्य भरदुपारी मौनगडासमोर तांब्याचा महाकर्णा उभा करतं आणि अर्ध्या कोसावरून एकच सूर लावतं. तट ढासळतो, तटावरचे सैनिक कान धरून पडतात. आणि कर्णा फुंकणारे बारा गडी? घाम पुसून पाणी पितात!

माझं मत: या लढाईत पहिले मुडदे कर्णेवाल्यांचे पडायला हवेत. उघड्या मैदानात अंतर दुप्पट झालं की आवाज 6 डेसिबलनं उतरतो. अर्धा कोस म्हणजे 1,600 मीटर धरा. कर्ण्यापासून एक मीटरवर जो आवाज असेल त्यातले 64 डेसिबल वाटेतच गेले. तटावर कान ठणकायला 130 तरी हवेत, म्हणजे कर्ण्याच्या तोंडाशी 194. आता हवेत सुराची कमाल मर्यादाच साधारण तेवढी आहे. त्यापुढे लाटेच्या खळग्यात हवाच उरत नाही, सरळ स्फोटाचा धक्का बसतो. विजापूरची मुलूखमैदान आठवा (1549 ची ओतीव, आपल्या परांड्याहून नेलेली). बत्ती दिली की गोलंदाज शेजारच्या पाण्याच्या टाक्यात बुडी मारायचा, असं तिथं सांगतात. लेखकानं बारा जणांसाठी एक टाकं तरी खणायचं होतं.

गड्डाप्रेमी
काय बे, गोष्ट वाचलालास का ऑडिट करलालास? राणी गरुडावर बसून आली तेव्हा गरुडाच्या पंखांचा हिशोब कुणी मागितला? कर्ण्यात मंत्र आहे. विषय संपला.

बाळीवेसकर
मंत्र असू दे की. पण त्याची काही किंमत नको? फुकटात तट पडत असतील तर आधीच्या आठ प्रकरणांत मौनगडवाले तट बांधत कशाला बसले होते?

तळ्याकाठी
धागाकर्ते, तुम्ही नुसता जोर मोजताय. सूर जुळला तर जोर कमी लागतो. 1831 मध्ये मँचेस्टरजवळचा ब्रॉटनचा पूल सैनिकांच्या एका तालातल्या पावलांनी कोसळला होता. तेव्हापासून पुलावर ताल मोडून चालायचा हुकूम निघाला. महाकर्ण्याला तटाचा सूर सापडला असं दाखवा, झालं.

बाळीवेसकर
तो झुलता पूल होता साहेब, मुळात हलणाराच. किल्ल्याच्या जाड तटात आतून माती-गोट्यांची भर असते, ती सगळी थरथर गिळून टाकते. कधी आपल्या भुईकोटाच्या तटाला हात लावून बघा आणि सांगा, याचा सूर कुठला.

पूर्वभागची_अक्का
मी वेगळंच सांगते. आमच्या घरी माग होते. शेडमध्ये धोटा या अंगाहून त्या अंगाला आपटत असायचा, त्या खडखडाटात माणसं ओठ बघून बोलायची. धागा तुटला, कांडी संपली, मालक आला, सगळ्याला हाताच्या खुणा. सासऱ्यांना पुढं पुढं हाक मारली तरी कळायची नाही, खांद्याला हात लावावा लागायचा. तर माझी सूचना अशी की मौनगडानं विणकरांची फलटण उभी करावी. ज्यांना ऐकूच येत नाही त्यांचं कर्णा काय वाकडं करणार?

कानाचं_मशीन
अक्का, फलटण झकास आहे, पण ती पहिल्याच सुराला पडेल. मी श्रवण तपासण्या करते. वर्षानुवर्षं मागावर काम केलेल्या माणसाच्या आलेखात बहुतेकदा 4,000 हर्ट्झच्या आसपास खड्डा दिसतो. हळू आवाज ऐकू येत नाही, पण मोठा आवाज आपल्याइतकाच बोचतो, कधी कधी जास्तच. "जरा मोठ्यानं बोल" म्हणणारे आजोबा पुढच्याच वाक्याला "ओरडतोस कशाला" म्हणतात ना, त्यामागं बऱ्याचदा हेच असतं. कान गेला म्हणजे ढाल मिळाली हे कादंबरीतही लिहू नये असं मला वाटतं. शेडमध्ये कानात कापसाचा बोळासुद्धा न घालता उभी राहिलेली माणसं आहेत ती.

पूर्वभागची_अक्का
बरं, तटावर नका उभं करू. त्यांच्या खुणा तरी घ्या! कर्णा वाजत असताना नादवणच्या स्वतःच्या घोडदळाला सेनापतीचा हुकूम कसा ऐकू जातो, हे लिहिलंय का कुठं?

गड्डाप्रेमी
हे मात्र लिहिलं नाही. अक्कांना एक गुण.

रेल्वेलाईन्स
सगळे जोरावर भांडताय, वेळ कुणी बघितली? भरदुपारी! आपल्याकडं मे महिन्यात काय होतं? जमिनीलगतची हवा तापलेली, वरची त्या मानानं थंड. अशा वेळी आवाज वर वळतो आणि लांबच्या माणसाच्या डोक्यावरून निघून जातो. रात्री उलट, जमीन निवते आणि आवाज खाली वाकतो. गच्चीवर अंथरूण टाकलं की स्टेशनातलं "यात्रीगण कृपया ध्यान दें" शब्दन् शब्द येतं, दुपारी त्याच गच्चीवर इंजिनाचा भोंगासुद्धा नीट येत नाही. हल्ला पहाटे तीनला ठेवा, बाळीवेसकरांचे निम्मे आक्षेप गळतील.

शिवाय मौनगडानं मुकाट मार का खावा? पहिल्या महायुद्धात लॉरेन्स ब्रॅग यांनी मायक्रोफोनची रांग लावून, तोफेचा आवाज कुठल्या मायक्रोफोनला किती उशिरा पोचला यावरून शत्रूची तोफ हुडकायची रीत बसवली. दशरथाचा शब्दवेधी बाण दुसरं काय करतो? कर्णा वाजला की त्याची जागा कळली. सोडा बाण.

बाळीवेसकर
पहाटेचं पटलं. पण माझे निम्मे आक्षेप कसे गळतात? वाकलेला आवाज तटापर्यंत पोचेल, तट पाडेल कसा? आणि कर्णेवाले तसेही मेले, आता बाणानं.

तळ्याकाठी
मुळात कर्णाच चुकलाय. जाड सूर चहूकडे पसरतो. 50 हर्ट्झची लाट जवळजवळ 7 मीटर लांब, कर्ण्याचं तोंड त्याहून लहान असलं तर तो सूर एका दिशेला धरता येत नाही. मिरवणुकीतल्या डीजेचं गाणं मागच्या गल्लीत कळत नाही, दणका मात्र मांडणीवरच्या भांड्यांपर्यंत पोचतो. 3,000 हर्ट्झची लाट जेमतेम 11 सेंटीमीटर, ती नेम धरून सोडता येते. समुद्री चाच्यांना हुसकायला जहाजांवर लावतात ते यंत्रसुद्धा असंच कर्कश किंचाळतं. एका महाकर्ण्याऐवजी शंभर शिट्ट्या एका चौकटीत बसवा.

गड्डाप्रेमी
शिट्ट्या?! मालक, मुखपृष्ठावर महाकर्णा काढून झालाय. चित्रकाराचे पैसे मी भरलेत.