'लगतची' पाणथळ की 'लागून असलेली'?

मुठाकाठ
अमेरिकेतल्या सॅकेट खटल्यावरचा एक लेख मराठीत आणते आहे आणि एका शब्दावर आठ दिवस अडले आहे. आयडाहो राज्यात प्रीस्ट लेकजवळ एका जोडप्याने घरासाठी प्लॉट घेतला, २००७ मध्ये भराव टाकायला सुरुवात केली. पर्यावरण यंत्रणेने अडवलं: ही पाणथळ जागा आहे, भराव काढा, नाहीतर दिवसाला ४०,००० डॉलरहून जास्त दंड. रस्त्यापलीकडे ओहोळ, तो पुढे तळ्याला मिळणारा. सगळा वाद तिथल्या पाणी-प्रदूषण कायद्यातल्या 'अ‍ॅडजसंट' या शब्दावर: पाणथळ नदी-तळ्याला 'अ‍ॅडजसंट' असेल तरच तिला तो कायदा लागू. २५ मे २०२३ ला सर्वोच्च न्यायालयाने जोडप्याच्या बाजूने निकाल दिला, ९-० असा. शब्दाच्या अर्थावर मात्र ५-४. पाच जण म्हणाले, पाणी वरून सलग जोडलेलं हवं. न्यायमूर्ती कॅव्हनॉ आणि आणखी तिघांचं म्हणणं, 'अ‍ॅडजॉइनिंग' म्हणजे भिडलेलं, 'अ‍ॅडजसंट'मध्ये नुसतं जवळचंही येतं.
मी भिडलेल्याला 'लागून असलेली' आणि दुसऱ्याला 'लगतची' केलं. संपादक म्हणतात, दोन्ही एकच. मला 'लगत'मध्ये बारीकशी फट दिसते. तुम्हाला दिसते का?

धातुपाठ
संपादकांचं बरोबर आहे. 'लगत' लग् धातूवरून, 'लागणे' त्याच धातूवरून, 'लग्न'ही त्यातलंच. फट असेल तर लगत कसलं? 'संलग्न' आणि 'समीपस्थ' घ्या, वाद मिटेल.

बांधावरून
धातूने अर्थ ठरत नाही हो. रस्त्यालगतची झाडं रस्त्याला चिकटलेली असतात का? मध्ये साइडपट्टी असते. आमच्या मुळशीतल्या गटाची मोजणी झाली तेव्हा नोटिसा लगतच्या खातेदारांना गेल्या, त्यात ओढ्यापलीकडचे काकाही होते. ओढा मध्ये असून ते लगतचेच. खरेदीखताच्या चतुःसीमेत मात्र त्या बाजूला 'ओढा' लिहिलंय, काकांचं नाव नाही. एकाच जमिनीला दोन कागदांत दोन शेजारी!

सांजवात
'शेजार' का नको? मला वाटतं तो 'शेज'वरून आलाय, शेजेइतका जवळचा.

धातुपाठ
शेज शय्येवरून, हे मान्य. शेजारचा तिच्याशी संबंध जोडायला काही आधार?

भातखाचर
'लगत'च्या आधी 'पाणथळ'चं बघा. माझी आजी मावळातली. तिच्या तोंडी पाणथळ हे विशेषण, आणि ते तक्रारीचं: 'वरचं वावर पाणथळ आहे, त्यात भुईमूग कुजतो.' कुणी त्याला 'पाणथळ वाचवा' म्हटलेलं तिने ऐकलं नव्हतं. नीरा डाव्या कालव्याखाली माझं सासर, तिथे 'चिबड' म्हणतात. जमीन चिबडली की ऊसही पिवळा पडतो. आणि सातबाऱ्यावर यातलं काहीच दिसत नाही. तिथे पीक न देणारी जागा 'पोटखराबा'. पक्षी, बेडूक, पुराचं पाणी धरून ठेवणारी जमीन, सगळं त्या एका शब्दात खराब ठरतं. बिल्डरने तीच जागा मुरूम टाकून सपाट केली तर कागदावर काय गेलं? खराबा गेला. मला याचा खरंच राग येतो.

धातुपाठ
म्हणून तर 'आर्द्रभूमी' हवं. त्याला तक्रारीचा वास नाही.

भातखाचर
तो हिंदीतून आलेला सरकारी शब्द आहे. माझ्या मावळातल्या कुणाला तो कळणार नाही, आणि ज्यांची जमीन आहे त्यांनाच कळला नाही तर कायदा कुणासाठी? शिवाय आपल्या २०१७ च्या नियमांत भातखाचरं पाणथळच्या व्याख्येतून वगळलीत. नद्यांची पात्रं वगळलीत, सिंचनासाठी बांधलेले जलाशयही.

उजनीकाठ
म्हणजे भिगवणला रोहित पक्षी जिथे उतरतात तो उजनीचा जलफुगवटा या व्याख्येत बसत नाही. मूळ व्याख्या मात्र पाणथळी जपण्यासाठीच्या १९७१ च्या आंतरराष्ट्रीय रामसर कराराची, तिच्यात कृत्रिम पाणीही येतं. नाशिक जिल्ह्यातलं नांदूर मधमेश्वर बंधाऱ्यामुळे झालेलं आहे आणि २०२० मध्ये महाराष्ट्राचं पहिलं रामसर स्थळ म्हणून जाहीर झालं.

बांधावरून
तिकडे त्यांनी 'अ‍ॅडजसंट'वर कात्री लावली, इकडे आपण थेट व्याख्येवर.

मुठाकाठ
हे सगळं मोलाचं आहे, पण माझा प्रश्न तसाच राहिला. कॅव्हनॉ यांचं एक उदाहरण मिसिसिपीच्या तटबंधांचं आहे. नदी, मग मातीचा तटबंध, त्यापलीकडे पाणथळ. वरून पाणी जोडलेलं नाही. हिला तुम्ही 'नदीलगतची' म्हणाल का? हो किंवा नाही सांगा.

धातुपाठ
नाही.

बांधावरून
हो. डोळे मिटून.

भातखाचर
आमच्याकडे बंधाऱ्याखालच्या अशा जमिनीला 'पाझराची' म्हणतात. वरून कोरडं दिसलं तरी पाणी आतून येतंच. पावसाळ्यात उपळ फुटली की कळतं, कुठली जमीन कुठल्या पाण्याची आहे ते.

सांजवात
'उपळ' कोकणातलाच ना? आमच्या भोरकडे 'पाझर फुटला' म्हणतात.