गुरुत्व वाकवणारे खनिज कोकणासारख्या किनाऱ्यावर कुठे सापडेल आणि कसे वागेल?

सडाकाठ (प्रश्न)

नमस्कार. मी एका काल्पनिक किनाऱ्यावर घडणारी कादंबरी लिहीत आहे. किनारा कल्पित असला तरी त्याची घडण मी आमच्या राजापूर-रत्नागिरी पट्ट्यावरून घेतली आहे : वर जांभ्याचे उघडे सडे (सपाट कातळमाथे), खाली खाड्या, आणि पावसाळा लागला की नाखवे होड्या वर ओढून ठेवतात असे बंदर. या जगात ‘उचल्या’ नावाचे अत्यंत दुर्मीळ खनिज आहे. त्याचा मुठीएवढा खडा चार-पाच हातांच्या आतल्या वस्तूंवरची जमिनीची ओढ इतकी वाकवतो, की चार गडी लागणारा चिरा (बांधकामाचा घडीव दगड) एकट्याने उचलता येतो. दोन घराण्यांचे पिढीजात वैर याच खड्यांवरून आहे.

माझी अडचण अशी की, हे खनिज वस्तूंना ढकलत असेल, तर ते स्वतः आजवर खडकात टिकले कसे? हाती कोणतेही यंत्र नसलेल्या माणसाने ते ओळखावे कसे? सध्याच्या मसुद्यात खडा ठेवताच अख्खा मचवा (मालवाहू होडी) पाण्याबाहेर उचलला जातो, आणि ते मला मनापासून पटत नाही. “जादू आहे, चालते” हे उत्तर कृपया देऊ नये. माझा वाचक भरती-ओहोटी पाहत वाढलेला आहे, त्याला नियम लागतात.

खडकवाचक

आपण जांभा निवडला आहे, हे फार चांगले झाले. कोकणातला काळा कातळ सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा आहे आणि त्यावरचा जांभा उष्ण, पावसाळी हवेत त्या कातळाचाच ऱ्हास होऊन तयार झाला. पाण्याने सिलिका धुऊन नेली, लोह आणि ॲल्युमिनियम मागे राहिले, आणि दगडात असंख्य छिद्रे व पोकळ्या उरल्या. आपल्या खनिजाला नेमकी हीच जागा हवी. खडा जर सर्व बाजूंच्या दगडाला ढकलत असेल, तर दगडही त्याला सर्व बाजूंनी ढकलणार. म्हणजे चहूकडून बंद असलेल्या पोकळीत तो कोणत्याही भिंतीला न टेकता मधोमध अधांतरी राहील आणि युगानुयुगे तिथून हलणार नाही. धोका फक्त पोकळी उघडण्याचा. चिरेखाणीत वरून थरामागून थर निघत जातो आणि शेवटचा थर पातळ झाला, की वरचा दाब संपतो व खालचा उरतो. गड्याच्या पहारीखाली दगड पोकळ वाजला, तर त्याने आधी बाजूला व्हावे, मग पुढचा घाव घालावा.

एक गोष्ट मात्र वेगळी ठेवा. राजापूर तालुक्यात देवाचे गोठणे येथे सड्यावर कोरलेल्या मानवाकृतीजवळ होकायंत्राची सुई भरकटते, हे आपल्याला ठाऊक असेलच. तो चुंबकीय प्रकार आहे, त्याचा वजनाशी संबंध नाही. आपल्या कथेतल्या माणसांनी या दोहोंची गल्लत करून चुकीच्या सड्यावर वर्षे घालवली, तर ते मला अगदी खरे वाटेल.

गतिविचार

मचव्याबद्दलची आपली शंका रास्त आहे, आणि तिचे उत्तर वरच्या प्रतिसादातच दडलेले आहे. खडा मालाला जितक्या जोराने वर ढकलतो, तितक्याच जोराने माल खड्याला खाली ढकलतो. खडा जमिनीत पक्का बसवलेला असेल, तर तो भार जमीन सोसते आणि उचलणाऱ्याला माल हलका लागतो. खडा मचव्यातच असेल, तर मालाचा भार खड्यामार्फत मचव्याच्या तळावर येतो. एकूण वजन तेवढेच आणि मचवा पाण्यात तेवढाच बुडालेला राहतो. म्हणून उचल्या जहाजाच्या उपयोगाचा नाही, धक्क्याच्या उपयोगाचा आहे. माझ्या मते आपल्या दोन घराण्यांचे वैर इथेच उभे करावे : एकाकडे गलबते आहेत, दुसऱ्याकडे खडा पुरलेला धक्का, आणि दोघांचेही एकमेकांवाचून चालत नाही.

फुकटची ताकदही मिळू देऊ नका. खड्याच्या टप्प्यात वस्तू हलकी लागत असेल, तर ती बाहेरून त्या टप्प्यात आणताना तितकाच जोर लावावा लागला पाहिजे. नाहीतर कोणीतरी अर्धे चाक खड्यावर आणि अर्धे बाहेर ठेवून ते कायमचे फिरवील, आणि मग आपल्या जगात कोणालाच कष्ट करायला नकोत.

ओळखण्यासाठी गवंड्याचा ओळंबा, म्हणजे भिंत सरळ आहे का ते पाहायची वजन बांधलेली दोरी, पुरेसा आहे. एकोणिसाव्या शतकातल्या भारताच्या मोजणीत हिमालयाच्या ओढीने ओळंबा किंचित कलतो, हे खरोखरच लक्षात आले होते; आपल्याकडे तो उलट, खड्यापासून दूर सरकेल. गंमत अशी की गवंड्याची पाण्याची नळीसुद्धा ओळंब्याशीच जुळेल, त्यामुळे काम चालू असताना त्याला काहीच खटकणार नाही. भिंत पुरी झाल्यावर अंगणाच्या टोकाला उभे राहून पाहिले, की तिचा माथा एका बाजूला, म्हणजे खड्याच्या बाजूला, झुकलेला दिसेल. तराजूवर विसंबू नका : दोन्ही पारडी सारखीच हलकी झाली, तर काटा मध्येच राहतो. ताणाचा, म्हणजे स्प्रिंगचा, काटा असेल तरच फरक कळेल.

खाडीपल्याड

सडाकाठताई, सड्यावरच्या खड्यांची चर्चा झालीच आहे, पण समुद्राच्या तळाच्या खडकात या खनिजाची मोठी शीर असली तर काय, हेही लिहावे असे वाटते. आमच्या घरात मासेमारी आहे, म्हणून मला तीच बाजू आधी दिसते.

लाटेचा वेग गुरुत्वावर चालतो. उथळ पाण्यात ओढ चौथ्या हिश्शावर आली, तर लाटेचा वेग निम्मा होतो. शिरेवर आलेल्या लाटा मंदावतील, वळून तिच्याकडे येतील आणि उंच होऊन उभ्या राहतील, जसे पाण्याखालच्या खडपावर होते. जाणता तांडेल (होडीचा प्रमुख) ते पाहून खडप समजून सुकाणू वळवील. पण खोली मोजायला शिसे बांधलेली दोरी सोडली आणि तळ खडपाइतका वर लागलाच नाही, तर त्याला कळेल की इथे खडप नसून दुसरेच काहीतरी आहे.

तिथे होडी वर उचलली जाणार नाही, कारण होडीबरोबर तिच्याखालचे पाणीही हलके झालेले असेल. मात्र शिडात भरलेला वारा हलका होत नाही. कललेल्या होडीला सरळ करते ते तिचे वजन आणि तळातला नीरम (तोलासाठी ठेवलेला भार), आणि नेमके तेच तिथे चौथ्या हिश्शावर आलेले असते. एरवी ज्या वाऱ्यात पूर्ण शीड निर्धास्त चालते, त्याच वाऱ्यात ती शिरेवर आडवी होईल. म्हणून आपल्या तांडेलाला खूण पटताच शीड उतरवायला लावा आणि तेवढा पट्टा वल्ह्यांनी पार करू द्या. शीड उतरवायला आळस करणारा एखादा श्रीमंत नाखवा कथेत असेल, तर त्याचे गलबत याच जागी बुडू शकते.